फायफरचा जंतू

'जोड्या लावा' हा प्रश्न आपल्या सगळ्यांच्याच परिचयाचा आहे. डावीकडे क्षय, पटकी, घटसर्प, विषमज्वर. उजवीकडे त्या त्या रोगाचा जंतू. मुले रेघा ओढतात, आपण गुण देतो. समजा, १९१० च्या सुमारास युरोपातल्या एखाद्या वैद्यकीय महाविद्यालयात हा प्रश्न आला असता आणि डावीकडच्या यादीत इन्फ्लुएंझाही असता, तर हुशार विद्यार्थ्याने त्याच्यापासून सरळ 'फायफरचा जंतू' इथपर्यंत रेघ ओढली असती. परीक्षकाने पूर्ण गुण दिले असते. उत्तर मात्र चूक होते.

हे चुकीचे उत्तर सुमारे चाळीस वर्षे टिकले. मधल्या काळात इन्फ्लुएंझाने जगात कोट्यवधी माणसे मारली. या चुकीत कोणाची लबाडी नव्हती, फारसा निष्काळजीपणाही नव्हता. म्हणूनच ती कशी झाली आणि कशी सापडली हे तपशिलात पाहण्यासारखे आहे.

सुरुवात १८८९-९० च्या मोठ्या साथीपासून होते. रशियातून निघालेली ही साथ रेल्वे आणि आगबोटींच्या वाटेने काही महिन्यांत जगभर पसरली. त्या वेळी बर्लिनमध्ये रॉबर्ट कॉखच्या हाताखाली रिशार्ड फायफर काम करत होता. कॉखने क्षयाचा आणि पटकीचा जंतू शोधून दाखवला होता. त्याच्या पद्धतीने एकामागून एक रोगांचे जंतू सापडत होते आणि इन्फ्लुएंझाचाही असाच सापडेल, याबद्दल कोणाला शंका नव्हती. १८९२ च्या जानेवारीत फायफरने जाहीर केले की, तो सापडला आहे. रुग्णांच्या बेडक्यात त्याला अतिशय बारीक, आखूड दांडीच्या आकाराचे जिवाणू पुन्हा पुन्हा दिसले होते. नेहमीच्या पोषक माध्यमावर ते वाढत नसत, पण माध्यमात रक्त मिसळले की वाढत. या जिवाणूला नाव मिळाले 'बॅसिलस इन्फ्लुएंझी'.

कॉखच्या कसोट्या आपण शिकवतो. जंतू प्रत्येक रुग्णात सापडला पाहिजे, तो शरीराबाहेर शुद्ध स्वरूपात वाढवता आला पाहिजे आणि निरोगी प्राण्याला टोचल्यावर तोच रोग झाला पाहिजे. यातली तिसरी कसोटी फायफरचा जंतू नीट उतरला नव्हता. ससे किंवा माकडे यांच्यात माणसासारखा इन्फ्लुएंझा त्यामुळे होत नव्हता. पण पटकीच्या बाबतीत खुद्द कॉखलाही प्राण्यांमध्ये तसाच रोग निर्माण करताना अडचण आलीच होती. काही रोग फक्त माणसालाच होतात, असे म्हणून ही उणीव बाजूला ठेवण्यात आली. फायफर मोठ्या संस्थेतला, कसलेला संशोधक होता. पुढे रोगप्रतिकारशास्त्रातही त्याने महत्त्वाचे काम केले. त्याच्या शब्दाला वजन होते.

गंमत अशी, की त्याच १८९२ साली सेंट पीटर्सबर्गमध्ये द्मित्री इवानोव्स्कीने तंबाखूच्या पानांवरच्या एका रोगाबद्दल एक विचित्र निरीक्षण मांडले. रोगट पानांचा रस चिनी मातीच्या बारीक गाळणीतून गाळला तरी रोग पसरवतो. या गाळणीतून जिवाणू पार होत नाहीत. म्हणजे जिवाणूंपेक्षाही लहान असे काहीतरी रोग पसरवू शकते. विषाणूशास्त्राची सुरुवात इथून मानतात. पण तंबाखूच्या पानांचा माणसांच्या तापाशी काय संबंध? त्या वर्षी तो कोणीच जोडला नाही. जोडायला हवा होता असे आज म्हणणे सोपे आहे.

यानंतर सव्वीस वर्षे फायफरच्या उत्तराची परीक्षाच झाली नाही. ती १९१८ साली झाली.

मुंबईत त्या वर्षी १० जूनला पोलिसांचे सात शिपाई तापाने रुग्णालयात दाखल झाले. त्यांच्यातला एक गोदीवर पहाऱ्याला असे. ताप हिवतापाचा नव्हता. पुढच्या आठवड्यांत शहरातली कचेऱ्यांतली, गिरण्यांतली माणसे अंथरुणाला खिळली, पण ही लाट तुलनेने सौम्य होती. सप्टेंबरमध्ये दुसरी आली. ६ ऑक्टोबर १९१८ या एका दिवसात मुंबईत ७६८ मृत्यूंची नोंद झाली. तिथून साथ रेल्वेच्या वाटेने आत शिरली. त्या वर्षी पावसाने दगा दिला होता, धान्य महाग होते. ग्रामीण महाराष्ट्रात या साथीला 'मानमोडी' म्हणत. घरातल्या वडीलधाऱ्यांच्या तोंडून हा शब्द ऐकलेले वाचक अजून असतील. हिंदुस्थानातल्या मृत्यूंचे आज केले जाणारे अंदाज सव्वा कोटीपासून दोन कोटींपर्यंत जातात. इतके मृत्यू दुसऱ्या कोणत्याही देशात झाले नाहीत.

मुंबईचे आकडे आणखी एक गोष्ट सांगतात. सरकारी नोंदीत ज्यांना 'खालच्या जातीचे हिंदू' म्हटले आहे, त्यांच्यात या साथीतल्या मृत्यूंचे प्रमाण हजारी एकसष्टच्या वर होते. शहरातल्या युरोपीय लोकांत ते हजारी आठच्या आसपास. जंतू दोघांनाही एकच होता. फरक होता खोलीत किती माणसे झोपतात, ताप आल्यावर कामावरून राहता येते का, पाणी आणि पेज द्यायला घरात कोणी उभे आहे का, याचा. जंतू कोणता हे कळायच्या आधीच हे आकडे कागदावर होते, हे विसरता कामा नये. ज्या स्वयंसेवी मंडळींनी वस्त्यांमध्ये दूध, कांबळी आणि औषधे पोचवली, त्यांचे काम फायफर बरोबर आहे की नाही यावर अवलंबून नव्हते.

प्रयोगशाळांमध्ये मात्र तोच प्रश्न पेटला होता. साथीच्या रुग्णांत फायफरचा जंतू शोधायला सगळे बसले आणि निकाल विस्कळीत आले. कुठे तो बहुतेक सगळ्या रुग्णांत सापडे, कुठे मोजक्या रुग्णांत, कुठे अजिबात नाही. मग त्याऐवजी न्यूमोकोकस किंवा स्ट्रेप्टोकोकस दिसत. ज्यांना तो सापडत नव्हता, त्यांच्याबद्दल सहज म्हणता येई की, यांचा हात बसलेला नाही. हे म्हणणे निराधारही नव्हते, कारण हा जिवाणू वाढवायला खरोखरच नाजूक आहे. न्यूयॉर्कच्या रॉकफेलर संस्थेत ऑस्वाल्ड एव्हरीने त्याच्यासाठी खास माध्यम तयार केले, तेव्हा तो पूर्वीपेक्षा जास्त रुग्णांत सापडू लागला. (हाच एव्हरी पुढे १९४४ मध्ये आनुवंशिकतेचे द्रव्य डीएनए आहे, हे दाखवणार होता.) पण माध्यम सुधारले तशी दुसरी अडचण उभी राहिली. जंतू आता निरोगी माणसांच्या घशातही सापडू लागला.

इथे थांबून विचार करावा. पुरावा विरुद्ध गेला तर चूक हाताची, बाजूने गेला तर उत्तर पक्के. अशा तऱ्हेने वागले तर कोणतेही उत्तर कधीच चूक ठरणार नाही. आपल्या प्रयोगशाळेत विद्यार्थ्याचे वाचन पुस्तकातल्या आकड्याशी जुळले नाही की आपण 'पुन्हा कर' म्हणतो. मीही म्हणत आलो आहे.

दरम्यान लसी तयार झाल्या. फायफरचा जंतू, न्यूमोकोकस, स्ट्रेप्टोकोकस असे जे जे सापडले ते मारून त्यांचे मिश्रण टोचण्यात आले. त्यांच्या यशाचे अनेक अहवाल प्रसिद्ध झाले. लस घेतलेल्यांत आजाराचे प्रमाण कमी, न घेतलेल्यांत जास्त. आकडे खोटे नव्हते, पण बहुतेक ठिकाणी लस पोचली तेव्हा साथ अर्धी होऊन गेली होती. ज्यांना आजार व्हायचा ते आधीच आजारी पडून 'न घेतलेल्यांच्या' रकान्यात जमा झाले होते. उरलेल्यांना लस मिळाली आणि ते निरोगी राहिले. लस नसती तरी राहिले असते. अमेरिकेतल्या जॉर्ज मॅकॉय यांनी कॅलिफोर्नियातल्या एका मनोरुग्णालयात साधी युक्ती केली. साथ तिथे पोचण्याआधी प्रत्येक कक्षातल्या एकाआड एक रुग्णाला लस दिली. मग साथ आली. लस घेतलेल्यांना काहीही संरक्षण मिळाले नाही. एका पानाचा प्रयोग, पण आठवी-नववीच्या मुलांना 'तुलनेचा गट' म्हणजे काय हे समजवायला याहून चांगले उदाहरण मला माहीत नाही.

याच काळात बोस्टनजवळच्या गॅलप्स बेटावर एक प्रयोग झाला. आज तो कोणी करू देणार नाही. नौदलाच्या तुरुंगातल्या बासष्ट शिक्षा झालेल्या सैनिकांना माफीचे आश्वासन देऊन तयार केले होते. त्यांच्या नाकात-घशात फायफरचा जंतू फवारला. काही झाले नाही. मग रुग्णांच्या नाकातला स्राव सोडला, त्यांचे रक्त टोचले. तरी काही नाही. शेवटी त्यांना रुग्णांच्या तोंडासमोर बसवून आपल्या चेहऱ्यावर खोकून घ्यायला सांगितले. एकालाही इन्फ्लुएंझा झाला नाही. बहुधा त्यांच्यापैकी बहुतेकांना साथीच्या आधीच्या लाटेत नकळत प्रतिकारशक्ती मिळालेली असावी. तेव्हा मात्र निष्कर्ष काय काढावा, हेच कोणाला कळेना. साथ ओसरली आणि प्रश्न तसाच राहिला. ट्यूनिसमध्ये शार्ल निकोल आणि लबाई यांनी गाळलेला स्राव रोग पसरवतो असे १९१८ मध्येच सांगितले होते, पण त्यांचे प्रयोग मोजके होते, आणि इतरांना तसेच निकाल खात्रीने मिळाले नाहीत.

उत्तर डुकरांकडून आले. १९१८ च्या शरद ऋतूत अमेरिकेतल्या आयोवा राज्यात डुकरांमध्ये नवी साथ दिसली. ताप, खोकला, नाक गळणे. जे. एस. कोएन या पशुवैद्याने तिला सरळ 'फ्लू' म्हटले, कारण घरातली माणसे आणि गोठ्यातली डुकरे एकाच वेळी एकाच तऱ्हेने आजारी पडत आहेत, हे त्याला दिसत होते. डुकरांचे मांस विकणाऱ्यांना हे नाव मुळीच आवडले नाही. कोएन मागे हटला नाही.

त्याच आयोवात वाढलेला रिचर्ड शोप दहा वर्षांनी या रोगाच्या मागे लागला. तो आणि त्याचा वरिष्ठ पॉल लुईस यांना आजारी डुकरांच्या श्वासमार्गात एक जिवाणू सापडला, आणि तो फायफरच्या जंतूचा सख्खा भाऊ शोभावा असा होता. म्हणजे फायफरचे उत्तर पुन्हा बरोबर ठरण्याची वेळ आली होती. पण लुईस १९२९ मध्ये ब्राझीलमध्ये पीतज्वरावर काम करताना त्याच रोगाने दगावला. शोपने काम पुढे चालवले. त्याने निरोगी डुकरांच्या नाकात शुद्ध जिवाणू सोडला. डुकरे ठणठणीत राहिली. आजारी डुकरांचा स्राव जिवाणू अडवणाऱ्या गाळणीतून गाळून सोडला. डुकरांना सौम्य आजार झाला. मग गाळलेला स्राव आणि जिवाणू दोन्ही एकत्र सोडले, तेव्हा आयोवातल्यासारखाच पूर्ण, गंभीर रोग उभा राहिला.

१९३१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या तीन ओळींच्या तक्त्यात चाळीस वर्षांच्या गोंधळाची उकल होती. रोग सुरू करणारा विषाणू होता. जिवाणू मागून येऊन तो गंभीर करत होता. फायफरने पाहिलेले खोटे नव्हते. तो जंतू रुग्णांच्या छातीत खरोखर होता, आणि १९१८ मधले बहुसंख्य मृत्यू विषाणूने वाट मोकळी केल्यावर शिरलेल्या जिवाणूंच्या न्यूमोनियाने झाले, असे आज मानतात. फक्त तो पहिला आलेला नव्हता.

माणसांच्या बाबतीत हे दाखवायला एक प्राणी हवा होता. १९३३ च्या सुरुवातीला लंडनमध्ये इन्फ्लुएंझा पसरला होता. विल्सन स्मिथ, ख्रिस्तोफर अँड्र्यूज आणि पॅट्रिक लेडलॉ हे तिघे तेव्हा या प्रश्नावर काम करत होते. लेडलॉ पूर्वी कुत्र्यांच्या डिस्टेंपर या रोगावर संशोधन करायचा आणि त्यासाठी मिल हिल इथे फेरेट पाळलेले होते. फेरेट हा पाणमांजराच्या कुळातला लांबट, सडपातळ प्राणी. अँड्र्यूज स्वतःच तापाने आडवा झाला तेव्हा स्मिथने त्याला गुळण्या करायला लावल्या आणि ते पाणी गाळून फेरेटच्या नाकात सोडले. दोन दिवसांत फेरेटला ताप आला, नाक वाहू लागले, शिंका सुरू झाल्या. त्याच्यापासून दुसऱ्याला, दुसऱ्यापासून तिसऱ्याला. आजारातून उठलेल्या माणसांच्या रक्तातले सीरम त्या द्रवात मिसळले तर मात्र फेरेट आजारी पडत नसे. जुलै १९३३ मध्ये 'लॅन्सेट'मध्ये हा निबंध आला. १९३६ मध्ये एका आजारी फेरेटची तपासणी करताना तो तरुण डॉक्टर स्टुअर्ट-हॅरिस यांच्या तोंडावर शिंकला, आणि दोन दिवसांत त्यांना इन्फ्लुएंझा झाला. त्यांच्या घशातून तोच विषाणू परत मिळवण्यात आला. गॅलप्स बेटावर बासष्ट माणसांवर जे साधले नव्हते, ते एका शिंकेने झाले.

आता पुढची गोष्ट मला सर्वांत विलक्षण वाटते. शोपकडे डुकरांचा विषाणू होता. त्याने वेगवेगळ्या वयाच्या माणसांच्या रक्तातले सीरम घेऊन पाहिले की, कोणाचे सीरम हा विषाणू निष्प्रभ करते. प्रौढांचे बहुधा करत होते, बारा वर्षांखालच्या मुलांचे क्वचितच. वर्ष होते १९३६ च्या आसपासचे. वजाबाकी करून पाहा. ज्यांनी १९१८ ची साथ अनुभवली होती, त्यांच्या रक्तात त्या विषाणूची ओळख शिल्लक होती. डुकरांत फिरणारा विषाणू हा १९१८ च्या मानवी विषाणूचा जवळचा नातेवाईक असला पाहिजे, असा याचा अर्थ होता. १९१८ चा विषाणू तेव्हा कोणी पाहिलेला नव्हता. अलास्कातल्या गोठलेल्या जमिनीत पुरलेल्या एका मृतदेहाच्या फुप्फुसातून आणि जपून ठेवलेल्या जुन्या नमुन्यांतून त्याची संपूर्ण जनुकीय रचना २००५ मध्ये वाचून झाली, तेव्हा तो एच-१ एन-१ गटाचा निघाला. डुकरांचा विषाणूही त्याच गटाचा.

विषाणू हाती आल्यावर लस आली. कोंबडीच्या अंड्यात तो वाढवता येऊ लागला आणि १९४३ मध्ये अमेरिकी सैन्यात घेतलेल्या चाचणीत लस खरोखर उपयोगी ठरली. या वेळी तुलनेचा गट नीट ठेवलेला होता. मग १९४७ उजाडले आणि तीच लस निकामी ठरली. लस बिघडली नव्हती, विषाणू बदलला होता. गोवर किंवा देवीच्या बाबतीत असे होत नाही. एकदा ओळखलेला शत्रू तसाच राहतो. इन्फ्लुएंझाच्या विषाणूच्या पृष्ठभागावरची प्रथिने थोडी थोडी बदलत राहतात, आणि कधीतरी पक्ष्यांच्या किंवा डुकरांच्या विषाणूशी जनुकांची अदलाबदल होऊन एकदम नवीच येतात. म्हणजे 'जोड्या लावा' मधली उजवी बाजू दर वर्षी पुन्हा लिहावी लागणार होती.

त्यासाठी यंत्रणा लागते. जागतिक आरोग्य संघटनेची अजून जुळवाजुळव चालू होती तेव्हाच, १९४७ मध्ये, लंडनमध्ये जागतिक इन्फ्लुएंझा केंद्र काढायचे ठरले, आणि ते अँड्र्यूजकडे आले. १९५२ पासून देशोदेशींच्या प्रयोगशाळांचे जाळे उभे राहिले. तापाच्या रुग्णांच्या घशातले नमुने गोळा करायचे, विषाणू ओळखायचा, नवा वाटला तर मोठ्या केंद्राकडे पाठवायचा. आजही वर्षातून दोनदा, उत्तर गोलार्धासाठी फेब्रुवारीत आणि दक्षिण गोलार्धासाठी सप्टेंबरात, तज्ज्ञ बसून पुढच्या हंगामाच्या लसीत कोणते विषाणू घ्यायचे ते ठरवतात. हा अंदाज असतो आणि कधी कधी चुकतो. हे काम वर्तमानपत्रांत येत नाही, कारण त्यात शोध लागल्यासारखे काही घडत नाही. पण मार्च २०२० नंतर 'बी' प्रकारातला यामागाता हा वंश जगात कुठेच खात्रीने आढळलेला नाही, हे या जाळ्यामुळेच कळले, आणि त्याला लसीतून वगळावे अशी शिफारस २०२३ मध्ये झाली.

भारतातले पहिल्या फळीतले केंद्र कुन्नूरच्या पाश्चर संस्थेत होते. मे १९५७ मध्ये सिंगापूरकडून मद्रासला आलेल्या जहाजातून नवा 'आशियाई' इन्फ्लुएंझा देशात उतरला, तेव्हा त्याचा मागोवा तिथून घेतला गेला. फेब्रुवारी १९५८ पर्यंत देशात सुमारे साडेचव्वेचाळीस लाख रुग्णांची आणि अकराशेच्या आसपास मृत्यूंची नोंद झाली. प्रत्यक्ष आकडा बराच मोठा असणार, पण १९१८ शी तुलना करता येईल अशी निदान मोजणी झाली. त्या वेळी अमेरिकेत मॉरिस हिलमन यांनी हाँगकाँगची बातमी वर्तमानपत्रात वाचून नमुना मागवला आणि लोकांचे सीरम तपासले. जवळजवळ कोणाच्याही रक्तात या विषाणूची ओळख नव्हती. अपवाद होता काही सत्तरी ओलांडलेल्या वृद्धांचा. पुन्हा वजाबाकी करा, आणि आपण फायफरच्या साथीजवळ येऊन पोचतो. (१८८९ ची साथ इन्फ्लुएंझाचीच होती का, याबद्दल अलीकडे काही संशोधकांनी शंका घेतली आहे. ते खरे ठरले तर फायफरची चूक दुहेरी!)

पुण्याच्या वाचकांना ऑगस्ट २००९ आठवत असेल. ३ तारखेला शहरात एका चौदा वर्षांच्या विद्यार्थिनीचा मृत्यू झाला. नव्या एच-१ एन-१ विषाणूने झालेला हा देशातला पहिला मृत्यू. शाळा बंद झाल्या, फडक्यांचे मुखपट्टे दिसू लागले. याच शहरातल्या राष्ट्रीय विषाणू संस्थेत विषाणूची ओळख पटवली जात होती. डुकरांतून आलेल्या या विषाणूने मुलांना आणि तरुणांना जास्त गाठले, वृद्धांना त्यामानाने कमी. १९५७ पूर्वी जन्मलेल्या अनेकांच्या रक्तात त्याच्याशी जुळणारी प्रतिपिंडे आधीच होती.

फायफर १९४५ पर्यंत जगला, म्हणजे फेरेटचा निबंध निघाल्यावर बारा वर्षे. त्याचा जंतू मात्र नाव बदलूनही पूर्वीच्या नावाचा अर्धा भाग बाळगून आहे. वैज्ञानिक नावाचा मागचा भाग सहसा बदलत नाहीत, म्हणून तो आज 'हिमोफिलस इन्फ्लुएंझी' आहे, आणि त्याचा 'बी' प्रकार लहान मुलांना न्यूमोनिया आणि मेंदूच्या आवरणाचा दाह करतो. सरकारी लसीकरणातल्या पेंटाव्हॅलंट या पाच रोगांवरच्या लसीत त्याच्याविरुद्धची लस असते. बाळाच्या कार्डावर 'हिब' लिहिलेले असते ते हेच. ते पाहून 'बाळाला फ्लूची लस झाली आहे' असे समजणारे पालक मला भेटले आहेत. फ्लूपासून ती लस काहीही संरक्षण देत नाही.